उजवीकडची पट्टी

१

रोज दुपारी दोन वाजता मी लॉज उघडतो.

लॉज म्हणजे कॉम्प्युटरवरचा गेम. बावीस वर्षांपूर्वी घरात पहिला कॉम्प्युटर आला तेव्हा त्याच्यासोबत एक सीडी फुकट मिळाली होती, तिच्यात हा होता. फुकट ते पौष्टिक. एक काउंटर, मागे किल्ल्यांची फळी, आणि काउंटरमागे आपण. डावीकडच्या दारातून पाहुणे येतात, खोली मागतात, आपण किल्ली द्यायची, की ते उजवीकडे निघून जातात. मग वरून फोन करकरून छळतात. पाणी गरम नाही, उशी कडक आहे, शेजारचा घोरतो. एक पाळी बरोबर चाळीस मिनिटांची. पाळीत पाहुणे चारच: छत्रीवाली, ढेरपोट्या, फौजी आणि ट्रंकवाले काका. ही नावं मी ठेवलेली. एकदा उजवीकडे गेलेला माणूस त्या पाळीत पुन्हा दिसत नाही.

ढेरपोट्याला मी मुद्दाम सर्वात वरच्या मजल्याची किल्ली देतो. गुण कापले जातात, पण तो धापा टाकत फोन करतो ते ऐकायला मजा येते.

"अहो, चित्रातल्या माणसांना तरी सोडा," असं आमची ही म्हणायची.

कशी सोडणार? माझं शिक्षण सातवी, त्यातली सहावी दोनदा, कारण ती मला आवडली होती. पुढे छत्तीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्या. लिफ्टच्या छतावर बसायचं आणि आत कुणी एकटं चढलं की वरून भारदस्त आवाजात म्हणायचं, "आपलं वजन वाढलं आहे." एका बँकेच्या साहेबांनी त्या दिवशी जो जिना धरला, तो निवृत्त होईपर्यंत सोडला नाही. त्यांची तब्येत सुधारली. माझे आभार कुणी मानले नाहीत.

२

आता एक खरं सांगतो. तुम्ही काही माझ्या सुनेला ओळखत नाही, म्हणून सांगायला हरकत नाही.

आठ महिन्यांपूर्वी अशाच एका दुपारी मी लॉजमध्ये होतो. कानावर हेडफोन, आणि गेम असा की सुरू झाला की अख्खा पडदा व्यापून बसतो, घड्याळसुद्धा दिसू देत नाही. ही स्वयंपाकघरात डबे पुसत होती. त्या दिवशी माझी पाळी अशी जमली की विचारू नका. एकही गुण कापला गेला नाही. हेडफोन काढले आणि बढाई मारायला आत गेलो.

ती फरशीवर पडली होती. निळा, पांढऱ्या ठिपक्यांचा गाऊन. डावा हात दाराच्या दिशेने लांब केलेला, बोटं मुडपलेली.

डॉक्टरांनी विचारलं, "किती वेळ पडून होत्या?"

"पाच मिनिटं," मी म्हणालो. इतक्या पटकन की मलाच नवल वाटलं. आयुष्यभर थापा मारल्याचा हा फायदा. डॉक्टरांनी ते कागदावर लिहून घेतलं आणि ते खरं झालं. मुलगा म्हणाला, बरं झालं अप्पा घरात होते. सून म्हणाली, बरं झालं अप्पा घरात होते. मी मान हलवली.

तिची उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. समजतं मात्र सगळं. पडल्यावर ती शुद्धीत होती का, तिने हाक मारली का, किती वेळ मारली, हे जगात एका तिलाच माहीत आहे. म्हणजे माझी गंमत बघा. ती कधी एकदा बोलते याच्यासाठी माझा जीव टांगणीला लागलाय, आणि ती काय बोलेल या धास्तीनेही तो तिथेच लटकतोय.

३

सून कॉम्प्युटरवाली आहे. एका रविवारी ती आली, आणि मी दुपारी लॉज उघडलेला बघून कंबरेवर हात ठेवून उभी राहिली.

"अप्पा, तुम्ही असे गेममध्ये बुडलात तर आईंकडे कोण बघणार? मी त्यांना आमच्याकडे घेऊन जाऊ का?"

"घेऊन जा. मलाही ने. मी तुझ्या ऑफिसातली लिफ्ट बघतो."

"मी थट्टा करत नाहीये."

तिने चेहरा कडक केला. मग तीच नरमली. हिच्या पलंगासमोरच्या भिंतीवर तिने एक लहानसा कॅमेरा बसवला. जुना चौकोनी मॉनिटर काढून रुंद आणला. हेडफोन स्वतःच्या पिशवीत टाकले.

"आता अर्ध्या पडद्यावर आई दिसतील. पण तुमचा हा गेम हट्टी आहे, त्याला अख्खा पडदा लागतो. त्याला खिडकीत बसवावं लागेल."

"तो बसेल?"

"त्याला फसवायचं. मध्ये एक छोटा प्रोग्राम टाकते. तो गेमला सांगत राहतो, बाबा रे, ही खिडकी म्हणजेच अख्खा पडदा."

"आणि तो ऐकतो?"

"त्याला दुसरं काय माहीत आहे, अप्पा?"

मला ही कल्पना फार आवडली. एवढा शहाणा गेम, आणि त्याला शेंडी लावून डबीत घातलेला. डावीकडे लॉज, उजवीकडे आमची ही. इथल्या खुर्चीपासून तिच्या खोलीपर्यंत दहा पावलं आहेत. ती दहा पावलं आता चालायची गरज उरली नाही. बसल्या जागी उंटावरून शेळ्या हाकायच्या.

४

दुसऱ्याच दिवशी लक्षात आलं की लॉज रुंद झालाय.

जुन्या मॉनिटरवर उजवीकडे जिन्याची पहिली पायरी दिसायची आणि चित्र संपायचं. आता पायरीच्या पुढे चार बोटांची एक पट्टी दिसत होती. नुसती राखाडी भिंत. तिला ना रंग, ना सावली. छत्रीवालीने किल्ली घेतली, पायरीपर्यंत गेली, पायरी चढलीच नाही. पुढे त्या पट्टीत जाऊन भिंतीकडे तोंड करून उभी राहिली.

तिने वरून फोन केला. उशी कडक आहे म्हणाली. आणि ती तर तिथेच उभी! छत्री बगलेत, पाठ माझ्याकडे.

मग ढेरपोट्या गेला, तिच्या शेजारी उभा राहिला. मग फौजी. मग ट्रंकवाले काका, ट्रंक हातातच. पाळी संपेपर्यंत चौघं शाळेतल्या पोरांसारखी भिंतीकडे तोंड करून उभी होती. बावीस वर्षं मी समजत होतो की ते वर जाऊन झोपतात.

मी सुनेला फोन लावला. ती हसली.

"जुन्या गेममध्ये असंच असतं, अप्पा. बाहेर गेलेलं माणूस पुसून टाकत नाहीत, पडद्याच्या कडेला उभं करून ठेवतात. चौकोनी मॉनिटरवर ती जागा दिसायचीच नाही. आता खिडकी रुंद आहे, म्हणून दिसते."

"म्हणजे गेलेली माणसं कुठे जातच नाहीत?"

"जातील कुठे? गेममध्ये वरचा मजला बनवलेलाच नाही."

उत्तर चोख होतं. लिफ्टचंही असंच असतं. आतल्या माणसाला वाटतं आपण मजल्यावर मजला चढतोय. छतावर बसलेल्याला माहीत असतं की अवघा एक दोर आहे आणि काळोख आहे. माझं समाधान झालं. फक्त पुढच्या पाळीत ढेरपोट्याला मी खालच्या मजल्याची किल्ली दिली. म्हटलं, उभंच राहायचंय बिचाऱ्याला.

५

पाचवी गोष्ट मला गुरुवारी दिसली.

पट्टीत, चौघांच्या पायांजवळ, काउंटरच्या कडेने अर्धा झाकलेला एक ढीग होता. निळसर. वर पांढरे ठिपके. मी चष्मा पुसला. जुना गेम, त्यात रंग ते किती असणार? जवळून बघितलं तर छत्रीवालीची छत्रीसुद्धा ठिपक्याठिपक्यांची दिसते. गालिचा असेल गुंडाळलेला. कुणाचं तरी सामान असेल. मी मुकाट्याने किल्ल्या वाटत राहिलो.

शुक्रवारी तो ढीग थोडा काउंटरबाहेर आला होता. की खिडकीच मी चुकून सरकवली होती? तेही असेल.

शनिवारी आवाज आला. फार हळू. टक. मग बराच वेळ काही नाही. मग टक, टक. बोटाचं पेर फरशीवर आपटल्यासारखा. मी उजवीकडच्या चित्रात पाहिलं. ही पलंगावर शांत पडली होती, दोन्ही हात पांघरुणावर. आवाज कॉम्प्युटरच्या स्पीकरमधूनच येत होता, स्पीकरवर तळवा ठेवला तर तळव्याला लागत होता. म्हणजे तो गेमचाच. बावीस वर्षं हा कधी ऐकला नव्हता. मग मीच मला समजावलं की पूर्वी हेडफोनमध्ये संगीत मोठं असायचं, त्यात बुडून गेला असेल. माणूस स्वतःला समजवायला बसला की त्याच्यासारखा वकील नाही.

पुढच्या पाळीला मी घड्याळ समोर ठेवलं. पाळीच्या पहिल्या मिनिटापासून टकटक सुरू होती. पाहुणे येत होते, माझ्यासमोर उभे राहून किल्ली मागत होते, मी देत नव्हतो. गुण कापले जात होते. विसाव्या मिनिटाला टकटक जोरात झाली. पंचविसाव्याला दोन टकटकींमधलं अंतर वाढलं. त्या निळ्या ढिगातून काहीतरी बारीक, फिकट बाहेर आलेलं होतं आणि तेवढंच हलत होतं.

एकतिसाव्या मिनिटाला ते थांबलं.

उरलेली नऊ मिनिटं मी नुसता बसून राहिलो. पाळी संपली. शून्य गुण. गेमने नेहमीचं वाक्य दाखवलं: पाहुण्यांना बराच वेळ ताटकळत ठेवल्याबद्दल व्यवस्थापक दिलगीर आहे.

६

सुनेने तिच्या घरून माझा पडदा बघितला. हल्ली तसं बघता येतं.

"चारच माणसं आहेत, अप्पा. आणि खाली गालिचा आहे."

"त्याला हात आहे."

"ती झालर आहे गालिच्याची."

"झालर वाजते होय गं?"

"अप्पा, परवाच तुम्ही मला सांगितलंत की कॅमेऱ्यात आईंच्या पलंगाखाली मगर दिसते. मी मीटिंग सोडून बघायला बसले होते."

"ती मगर खोटी होती."

"आणि ही झालर खरी. बरं, आई जेवल्या का?"

जेवली म्हणालो. कुणाला दोष द्यायचा? आपलीच करणी. मी गेम बंद करायचं ठरवलं, आणि दोन दिवस केलाही. दोन्ही दिवस दुपारी दोन वाजले की मी रिकाम्या पडद्यासमोर बसायचो, आणि मनात एकच विचार यायचा: मी बघत नसलो तरी ती टकटक तिथे चालूच असेल. कुणी ऐकत नसताना. तिसऱ्या दिवशी मी लॉज पुन्हा उघडला. कुणीतरी बसून ऐकायला तरी पाहिजे.

७

हिला बोलायला शिकवायला आठवड्यातून दोनदा एक बाई येतात. मी त्यांना कखगबाई म्हणतो, त्यांच्या तोंडावर. त्या मला आजोबा म्हणतात, सूड म्हणून.

त्या बुधवारी जाताना त्या माझ्या खुर्चीपाशी थांबल्या. पडद्यावरची दोन्ही चित्रं बघितली.

"आजोबा, तुम्ही त्यांना इथून बघता?"

"स्वच्छ दिसते. बघा ना, तुम्ही गादीवर विसरलेला रुमालपण दिसतोय."

"त्या बोलायच्या बेतात आहेत. ओठ मिटतात, जोर लावतात, शब्द अगदी दाताशी येतो. माझ्याशी नाही हं. माझ्यासमोर त्या कंटाळतात. त्यांचं सगळं लक्ष दाराकडे असतं."

"दाराकडे कशाला?"

"तुम्ही याल म्हणून." त्यांनी आत जाऊन रुमाल आणला, पर्समध्ये टाकला. "त्यांना तुम्हाला काहीतरी सांगायचंय. दिसतंच ते. तर शेजारी जाऊन बसा. आणि बसलात की उठू नका. शब्द यायला वेळ लागतो आणि समोरचा माणूस उठला की तो परत आत जातो."

"आणि आला आणि मला आवडला नाही तर?"

"तर निदान ऐकून घ्या," असं म्हणून त्या चपला घालून गेल्या.

८

आज दुपारी पाळी सुरू केली. किल्ल्या वाटत टकटक ऐकली. एकतिसावं मिनिट आलं, आवाज थांबला, आणि मी उठलो. गेम तसाच चालू ठेवला. ती दहा पावलं चाललो. तिच्या खोलीचं दार उघडं होतं. पलंगाजवळचं स्टूल ओढून बसलो.

तिने माझ्याकडे पाहिलं. एवढ्या जवळून मी तिच्याकडे बऱ्याच दिवसांत पाहिलं नव्हतं. पाणी पाजताना माणूस ग्लासाकडे बघतो.

"एक सांगायचंय," मी म्हणालो. "पाच मिनिटं नव्हती."

ती बघत राहिली.

"मी गेम खेळत होतो. कानाला हेडफोन. पूर्ण पाळी झाल्यावर उठलो. ते पण तुझ्यासाठी नाही, मला पैकीच्या पैकी गुण मिळाले होते ते सांगायला. डॉक्टरांना खोटं सांगितलं. पोरांना खोटं सांगितलं. तू वाजवत होतीस ना? फरशीवर?"

तिचा डावा हात माझ्या मनगटावर आला. गरम होता. मग तिचे ओठ मिटले. गळ्याची शीर ताठ झाली. कखगबाई म्हणाल्या होत्या तसं, काहीतरी आतून वर येत होतं, फार लांबून, विहिरीतून बादली यावी तसं. डोळे माझ्यावर रोखलेले. त्यात राग होता का? मला कळलं नाही. आता बोलणार, आता शब्द पडणार.

आणि मी उठलो.

"दूध गॅसवर ठेवलंय गं, उतू जाईल," म्हणालो, आणि हसलो, आणि बाहेर आलो. दूध कुठलं आणि गॅस कुठला? माझ्याच्याने ऐकवलं नसतं, एवढंच. छत्तीस वर्षं काळोख्या बोळकांडीत दोराला लटकलो. आज ती दहा पावलं भिंतीला धरून आलो. खुर्चीत बसलो. म्हटलं, इथून बघतो. इथून बघायला काय हरकत आहे.

९

कॅमेऱ्याचं चित्र जरा मागे असतं, दहा-बारा सेकंद. मी तिला पाणी पाजून इथे येऊन बसलो तरी पडद्यावर मी अजून पाणीच पाजत असतो, मग उठतो, मग निघून जातो. पहिल्यांदा ते बघितलं तेव्हा मी स्वतःला हात केला होता.

त्यामुळे आत्ता पडद्यावर मी स्टुलावर बसलेला दिसलो तेव्हा काही वाटलं नाही. पाठमोरा. अंगात हाच करडा स्वेटर. डोक्याला मागे एवढं टक्कल पडलंय हे मला कुणी बोललं नव्हतं. आता उठेल, मी मनाशी म्हटलं. वीस आकडे मोजले. तीस मोजले. घड्याळाचा सेकंदकाटा एक पूर्ण फेरा फिरला.

तो उठला नाही.

चित्र अडकलं असेल. पण तिच्या खिडकीचा पडदा वाऱ्याने हलत होता. तिचा हात त्याच्या मनगटावर होता आणि बोटं हलत होती. तो पुढे वाकला. कान तिच्या तोंडाजवळ नेला, आणि तसाच थांबला. इतका वेळ मला आयुष्यात कधी थांबता आलेलं नाही.

डावीकडे लॉजची पाळी संपली होती. पट्टीत चौघं भिंतीकडे तोंड करून उभी होती. त्यांच्या पायांजवळ काहीच नव्हतं, नुसती फरशी.

उजवीकडे तिचे ओठ मिटले आणि उघडले. पुन्हा मिटले, उघडले. गळ्याची शीर ताठली नाही, जोर लावावा लागला नाही. आपण बोलतो तशी ती बोलत होती.

त्या कॅमेऱ्यातून आवाज येत नाही. पण मध्ये भिंत एकच आहे. मी स्पीकर बंद केला, श्वास धरला. पलीकडून आवाज येतोय. आठ महिन्यांनी ऐकतोय, पण तिचाच. शब्द कळत नाहीत, चाल कळते. ती सावकाश सांगतेय, मध्येच थांबतेय. मग एक पुरुषी आवाज हळूच काहीतरी विचारतो आणि ती पुन्हा सुरू होते. एकदा ती रडली असं वाटलं. मग दोघं हसली. त्यातलं पुरुषाचं हसणं मी ओळखतो, ते माझंच. लोक त्याच्यावर का चिडायचे तेही आज कळलं. बाहेर उभं राहून ऐकलं की ते फार वाईट लागतं.

हाक मारून बघितली. पलीकडचं बोलणं थांबलं नाही.

उठून जावं, दारातून डोकवावं, एवढं सोपं आहे. स्टूल रिकामं असेल तर ती बोललेली नाही आणि मला वेड लागलंय, सुनेला फोन करून सांगता येईल. स्टूल रिकामं नसेल तर तिला जे सांगायचं होतं ते तिने सांगितलं, जो बसून राहिला त्याला. मग मी तिथे जाऊन काय म्हणणार? कोण म्हणून उभा राहणार?

तरी मी उठलो. खरंच उठलो. खुर्ची मागे सरकवली, एक पाऊल टाकलं. तेवढ्यात भिंतीपलीकडे दार लोटल्याचा आवाज आला, आणि मग आतून कडी लागल्याचा.

मी वळून पडद्याकडे पाहिलं. तो अजून तिच्याजवळ बसलेला होता. दहा-बारा सेकंदांनी तो स्टुलावरून उठला, दारापाशी आला, दार लोटलं, कडी लावली. घाई न करता परत गेला आणि तिचा हात हातात घेऊन बसला.